सालपापडीतलं व्हिएतनाम

परदेशी जायला तालुका ओलांडावा लागतो, हे तुम्हाला कुणी सांगितलं?

ज्यानं सांगितलं त्याला माझ्याकडे पाठवा. गेल्या मार्गशीर्षात मी व्हिएतनामी स्वयंपाक शिकायला गेले होते आणि त्या सगळ्या प्रवासात मावळ तालुक्याची हद्द मी एकदाही सोडली नाही. परंदवडीहून लोणावळा, तिथून वडिवळे, तिथून परत परंदवडी. व्हिसा लागला नाही, लस टोचून घ्यावी लागली नाही. वाटेत फक्त एका म्हशीनं अडवलं, कामशेतच्या पुढे, आणि तिनं कागदपत्रं मागितली नाहीत.

आता मी का गेले ते सांगते. परंदवडीला माझी हिरामावशी असते, आईची मोठी बहीण. आमच्या वस्तीतल्या विहारात कुठलंही जेवण असलं की डाव तिच्या हातात असतो. गेल्या वर्षी कार्ल्याची लेणी बघायला व्हिएतनामहून पाच भिक्खुणी आल्या होत्या. मावशीनं त्यांना विहारात जेवायला बोलावलं. त्या शाकाहारी, एवढं तिला माहीत होतं, म्हणून तिनं मसाल्याचं वांगं, मटकीची उसळ, झुणका आणि लसणाची चटणी केली. भिक्खुणी पंगतीला बसल्या, हसल्या, पांढरा भात आणि केळी खाल्ली, हात जोडले आणि गेल्या. त्या कांदा-लसूण खात नाहीत हे त्यांच्या गाडीच्या ड्रायव्हरनं नंतर सांगितलं. ताटात कांदा-लसूण नसलेलं भात आणि केळी एवढंच होतं. केळ्यात घालता आला असता तर आम्ही तिथेही घातला असता.

यंदाच्या मार्गशीर्ष पौर्णिमेला त्याच पाचजणी पुन्हा येणार होत्या. वस्तीतल्या काही बायकांचं म्हणणं पडलं की तळेगावच्या केटररला सांगून टाकावं, तो पनीर करील. मावशी म्हणाली की आपण बोलावलेल्या माणसाला आपल्या हातचं घालायचं असतं. आणि सगळ्यांदेखत पुढे असंही म्हणाली, "यंदा बी त्या भातावरच गेल्या, तर मी डाव खाली ठिवते. पुन्यांदा उचलायची न्हाई."

ही तिची धमकी नव्हती. तिच्या तोंडाकडे बघून केटररचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही.

मग तिच्या सुनेला मोबाइलवर एक जाहिरात दिसली: लोणावळ्यात शनिवारी व्हिएतनामी स्वयंपाकाचा वर्ग, 'शुद्ध शाकाहारी'. मावशीला व्हिएतनामी हा शब्द दिसला. मला शुद्ध हा शब्द दिसला.

मी पत्रकांवर वाढलेली मुलगी आहे. वडील पत्रकं छापून आणत आणि मी घड्या घालत असे. 'उत्तर द्या' हे मी आयुष्यात वाचलेलं पहिलं वाक्य. 'कमळ बघ' नंतर आलं. गेल्याच वर्षी मी स्वतः एक पत्रक काढलं होतं, 'कांद्याला बाहेर ठेवणाऱ्यांनो'. कांदा-लसूण नको म्हणणारी माणसं भाड्याच्या खोलीपासून पंगतीपर्यंत कुणाकुणाला बाहेर ठेवतात, असा त्याचा विषय. त्याचा एक गठ्ठा मी पिशवीत भरला. मावशीला शिकायचं होतं आणि मला जाब विचारायचा होता, म्हणून आम्ही दोघी निघालो.

लोणावळा

वर्ग भुशीकडे जाणाऱ्या रस्त्यावरच्या एका बंगल्यात होता. धरणावर पाणी नसतानाही त्या रस्त्यावर गाड्यांची रांग असते. पाणी नाही हे बघायला माणसं लांबून येतात. मावशीनं वाटेत चिक्कीचा पुडा घेतला. तिचा नियम आहे, कुणाच्याही स्वयंपाकघरात रिकाम्या हातानं जायचं नाही, आणि हा नियम पैसे भरलेल्या वर्गालाही लागू आहे.

दारात शिकवणारी बाई उभी होती. तिशीची, बुटकी, केसांचा घट्ट अंबाडा, अंगावर सुती कुर्ता. मी इंग्रजी वाक्य जुळवत होते, तेवढ्यात ती म्हणाली, "या, बसा. चप्पल हितंच काढा. कुटनं आलाय?"

तिचं नाव लान. ती वडिवळ्याची सून. तिचा नवरा दत्ता एका कारखान्यात यंत्रं बसवायचं काम करायचा. कंपनीनं त्याला व्हिएतनामला पाठवलं आणि येताना तो लानला घेऊन आला. मराठी तिला सासूनं शिकवली, तीही भातलावणी करता करता, त्यामुळे तिच्या बोलण्यात पुस्तकातला एक शब्द नव्हता. वर्गाला आमच्याशिवाय कांदिवलीहून आलेलं एक जोडपं होतं. ते 'हॅलो' म्हणायला वाकले होते, ते तसेच वाकलेले राहिले.

लाननं टेबलावर सामान मांडलं. तांदळाच्या शेवया, काकडी, गाजर, पुदिना, टोफू, आणि एक केळफूल. मग तिनं सांगितलं की आज जे करायचं ते त्यांच्याकडे पौर्णिमेला आणि अमावस्येला करतात, आणि त्यात कांदा नाही, लसूण नाही. कांदिवलीच्या बाईंना फार आनंद झाला. त्या म्हणाल्या, आमच्याकडेही नाहीच, किती प्युअर.

मी उठले. पिशवीतून पत्रक काढून प्रत्येकाला एकेक दिलं आणि विचारलं की कांदा वर्ज्य करायला कुणी सांगितलं. लान म्हणाली, तिच्या आजीनं. मी विचारलं, आजी कोण. तर आजी बौद्ध, त्यांच्या गावच्या विहारात पन्नास माणसांचा स्वयंपाक करणारी, जन्मभर दुसऱ्याच्या शेतात राबलेली. माझ्या पत्रकात अशा आजीसाठी परिच्छेद नव्हता. तरी मी सोडलं नाही. मी विचारलं की कांद्यानं आजीचं काय बिघडवलं होतं.

लाननं शांतपणे गाजर सोलत सांगितलं, "आजी म्हनायची, कांदा-लसूण खाल्ला की राग लय येतो." मग तिनं मान वर करून माझ्याकडे नीट पाहिलं. "तुमी लय खाता का?"

मावशी हसली ती इतकी की तिला पाणी द्यावं लागलं. कांदिवलीचे गृहस्थ पत्रक वाचत असल्याचं दाखवत होते, पण त्यांच्या हातात ते उलटं होतं.

मी बसले. चर्चा अपुरी राहिली असं मी मनात नोंदवलं.

त्यानंतर जे झालं त्याला मावशी जबाबदार आहे, पण तिच्या जागी आमच्याकडची कुठलीही बाई असती तरी तेच झालं असतं, म्हणून मी तिला दोष देत नाही. लाननं टोफू तळायला कढईत तेल तापत ठेवलं. तेवढ्यात दत्तानं फाटकाशी हॉर्न वाजवला. तो आणखी पुदिना घेऊन आला होता, म्हणून ती बाहेर गेली. टेबलावर फोडलेल्या पुड्यात एक चवड होती. गोल, पातळ, कडक, पांढरट चकत्या, तांदळाच्या, ताटलीएवढ्या. त्यांचं काय करायचं ते अजून सांगून झालं नव्हतं. समोर तापलेलं तेल, शेजारी तांदळाचे वाळलेले गोल पापड, आणि हिरामावशी रिकामी बसलेली. तुम्हीच सांगा.

"ताई येईस्तोवर एवढं उरकून टाकते," असं म्हणून तिनं पहिला सोडला. तो असा फुलला की कढईबाहेर आला. कांदिवलीच्या बाईंनी टाळी वाजवली. मावशीला हुरूप आला. निथळायला कागद हवा होता, तर तिनं टेबलावरून माझी पत्रकं गोळा केली आणि ताटात अंथरली. मी हरकत घेणार होते, पण तोवर माझ्या तोंडात तिसरा पापड होता.

लान परत आली तेव्हा शेवटचा कढईत होता. ती दारातच थांबली. तिनं पापडांच्या डोंगराकडे पाहिलं, रिकाम्या पुड्याकडे पाहिलं. मग येऊन एक पापड मोडला आणि खाल्ला.

"लय भारी झालाय," ती म्हणाली. "पन आता गुंडाळायचं कशात?"

तेव्हा कळलं की तो पापड नव्हताच. तो पाण्यात बुडवून मऊ करायचा, त्यात शेवया, काकडी, टोफू, पुदिना ठेवून घट्ट वळकटी करायची आणि शेंगदाण्याच्या घट्ट चटणीत बुडवून खायची. त्याला गोई कुओन म्हणतात. लान म्हणाली की परमुलखात महिनाभर हिंडणाऱ्या त्या भिक्खुणींना हे दिसलं, तर आपल्याला परदेशात भाकरी दिसल्यासारखं वाटेल. आणि तो पुडा तिच्या आईनं पाठवलेला, शेवटचा होता. पुण्यातल्या दुकानाला फोन केला, तर माल संपलेला. कांदिवलीच्या गृहस्थांनी मोबाइलवर बघितलं. त्यांच्या घरी दहा मिनिटांत येणार होता. लोणावळ्यात गुरुवारी येणार होता. पौर्णिमा सोमवारी.

मावशी खुर्चीवर बसली. तिच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं होतं. हातातला झारा तिनं ओट्यावर ठेवला, अगदी हळू, आणि मला विहारातला तो डाव आठवला. वर्गातले बाकीचे पदार्थ आम्ही केले. केळफुलाची कोशिंबीर छान झाली, पण केळफूल सोलताना माझे हात काळे पडले ते पुढचे चार दिवस तसेच होते. शेंगदाणे कमी पडले म्हणून लाननं मावशीची चिक्की खलबत्त्यात कुटली आणि चिंचेच्या कोळात, सोया सॉसमध्ये घातली. ती चटणी इतकी छान झाली की कांदिवलीच्या बाईंनी चिक्कीचं दुकान कुठलं ते लिहून घेतलं. मावशीनं मात्र ती चाखलीही नाही.

भांडी विसळताना ती एकदम म्हणाली, "ताई, ते तुमचं गोल, ते करत्यात कसं?"

लाननं सांगितलं. तांदूळ भिजवायचे, वाटायचे, पातळ पीठ वाफेवर पसरायचं, पापुद्रा सोलून काढायचा, वाळवायचा.

"अगं मग ही सालपापडी की," मावशी म्हणाली. "वाळवायच्या आदी काढली तर वली असती. वली गुंडाळता यायची न्हाई व्हय?"

लाननं थोडा विचार केला. मग ओला हात कुर्त्याला पुसून तिनं सासूला फोन लावला आणि तांदूळ भिजत घालायला सांगितले. फोनमधून जो आवाज आला तो बंगल्यात सगळ्यांना ऐकू आला. मार्गशीर्षात सालपापड्या कोण करतं, असा त्याचा आशय होता.

वडिवळे

दुसऱ्या दिवशी आम्ही वडिवळ्याला पोचलो तेव्हा गावात नव्या इंद्रायणी तांदळाचा वास होता. भात झोडून झालेलं, पेंढ्याच्या गंजी रचलेल्या, खाली धरणाचं पाणी. लानची सासू, आक्का, अंगणात स्टँड धूत बसल्या होत्या. सालपापड्यांचं स्टँड म्हणजे एकावर एक ताटल्या बसवलेला दांडा. तो पिठाच्या ताटल्यांसकट उकळत्या पाण्याच्या मोठ्या भांड्यात ठेवतात. आक्कांचं स्टँड पितळेचं होतं, माहेरचं. आक्का रामराम म्हणाल्या, मावशी जयभीम म्हणाली, आणि दोघी स्टँडकडे वळल्या.

मी या भेटीसाठी तयारी केली होती. आक्का जुन्या वळणाच्या, घर मोठ्या जमिनीवाल्यांचं, आम्ही कोण ते त्यांना पहिल्या शब्दात कळलेलं. त्या काही बोलल्या तर काय उत्तर द्यायचं याचे तीन मुद्दे मी गाडीत ठरवले होते. पण आक्कांचं भांडण सुनेशी चाललं होतं.

त्यांचं म्हणणं, तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, तेव्हा पापडी होते. लानचं म्हणणं, एक रात्र पुरे, आंबवायचं नाहीच.

"आत्या, आमच्याकडं एकच रात."

"तुमच्याकडं आसंल. हितं वडिवळं हाय."

"पन खानाऱ्या आमच्याकडच्या हायेत ना."

यावरही आक्का हरल्या नाहीत. त्यांनी मावशीला मत विचारलं. मावशीला सासू-सुनेच्या मध्ये पडायचं नव्हतं. ती म्हणाली, आधी एक काढून बघू.

पहिली काढली. ती ताटलीला अशी चिकटली की नखानं, सुरीनं, शेवटी शिव्या देऊन सुटली, आणि सुटली ती तुकड्यांनी. दुसरी फाटली. तिसरी माझ्या बोटांवर गुंडाळली गेली आणि मला वाटलं ही आता माझीच झाली. नवी इंद्रायणी चिकट असते, म्हणून तर तिचा भात मऊ होतो. लान म्हणाली की तिच्याकडे यासाठी जुना तांदूळ घेतात. आक्का म्हणाल्या की हे तिनं काल फोनवर का सांगितलं नाही. लान म्हणाली की ती सांगतच होती, पण आत्या फोनवर ऐकून घेत नाहीत, नुसत्या बोलतात. दत्तानं पलीकडे म्हशीला पाणी दाखवायला म्हणून जो काढता पाय घेतला तो जेवायच्या वेळेलाच परत आला.

शेवटी आक्का आत गेल्या. कणगीच्या तळातून गेल्या वर्षीचे तांदूळ काढून आणले. ते त्यांनी पाव्हण्यांसाठी ठेवले होते. गरम पाण्यात भिजवून, दुपारी मिक्सरवर वाटून पुन्हा सुरुवात केली. या वेळी आक्कांनी ताटलीला तेलाचा हात लावला, पीठ ओतून ताटली अशी फिरवली की ते कडेपर्यंत सारखं गेलं, वाफ दिली, आणि कडेला नख घालून एका ओढीत अख्खी पापडी उचलली. उन्हाकडे धरली तर पलीकडची गंज दिसत होती. लाननं ती ओल्या फडक्यावर घेतली, आत शेवया आणि पुदिना ठेवला, दोन्ही बाजू दुमडून वळकटी केली. फाटली नाही. आम्ही सगळ्या तिच्याकडे बघत राहिलो.

आक्कांनी ती उचलून खाल्ली. "तिखट न्हाई, मीठ न्हाई," त्या म्हणाल्या. "आजाऱ्याचं हाय हे."

पण दुसरी उचलली.

आता प्रश्न असा होता की ओली पापडी रात्रभर राहत नाही. पौर्णिमेच्या सकाळी विहारातच काढायला हवी, आणि भिक्खुणी दुपारी बारानंतर जेवत नाहीत. मावशीनं आक्कांना स्टँड मागितलं, एका दिवसापुरतं. मी माझे तीन मुद्दे पुन्हा वर काढले.

"स्टँड मी कुनाला देत न्हाई," आक्का म्हणाल्या. माझा पहिला मुद्दा ओठांवर आला. "त्याची खालची ताटली डुगडुगती. मला ठावं हाय ती कशी बशीवायची. मीच येते."

मुद्दा मी गिळला. चवीला तो वाईट लागला नाही.

परंदवडी

सकाळी विहाराच्या मागे चूल पेटली. आक्का स्टँडजवळ पाटावर बसल्या आणि कुणालाही ताटल्यांना हात लावू देईनात. मावशी पापड्या सोलून काढत होती, लान वळत होती, वस्तीतल्या बायका काकडी चिरत होत्या. मला केळफूल दिलं होतं, कारण माझे हात आधीच काळे होते. लसणाचा एक गड्डा कुणीतरी सवयीनं आणला होता, तो मावशीनं विहाराच्या बाहेर पाठवला. मी तो जाताना पाहिला. लिहिलेलं काही मी मागे घेणार नाही. कांदा खातो म्हणून कुणी मला पंगतीतून उठवलं तर मी उद्याही पत्रक काढीन. पण त्या सकाळी तो गड्डा बाहेर गेला आणि त्याच्यामागून एकही माणूस बाहेर गेलं नाही, ही गोष्ट मला लिहून ठेवली पाहिजे.

गाडी साडेदहाला आली. पाचजणी उतरल्या, करड्या चिवरातल्या. पंचशील झालं, ताटं मांडली. मावशीनं वळकट्या स्वतः वाढल्या आणि खांबाला टेकून उभी राहिली. तिच्या हातात डाव होता. वाढायला तो लागणार नव्हता, तरी तो हातात होता.

सगळ्यात वयस्कर भिक्खुणी होत्या त्यांनी ताटाकडे पाहिलं. वळकटी उचलली, बोटांनी दाबली, उजेडाकडे धरली. चिक्कीच्या चटणीत बुडवली आणि खाल्ली. त्यांच्या चेहऱ्यावर काही दिसेना. मग त्या लानकडे वळून त्यांच्या भाषेत बरंच काही बोलल्या. लाननं मान खाली घातली.

"काय म्हनत्यात?" मावशीनं विचारलं.

लान चाचरत म्हणाली, "म्हनत्यात, पापडी जरा जाड झाली. चटनीला चिंच जास्त. आनि पुदिना आत न्हाई, बाहेरनं डोकवाय पायजे."

मी मावशीकडे पाहिलं. आता ही डाव ठेवणार असं मला वाटलं.

मावशीचा चेहरा उजळला. "गेल्या साली नुसत्या हसल्या होत्या," ती म्हणाली. "खाल्ल्याबिगर कुनी नाव ठिवतं का?" आणि ती चटणीचं भांडं घेऊन पुढे झाली, वाढायला. त्या आजी भिक्खुणींनी आणखी दोन घेतल्या. त्यांच्या शेजारच्या सगळ्यात तरुण होत्या त्यांनी किती घेतल्या ते मी सांगणार नाही, त्या संघात आहेत. भाताचं पातेलं जवळजवळ भरलेलं परत गेलं.

पापडी जाड आहे हे आक्कांनी मात्र मान्य केलं नाही. त्यांनी लानकडून निरोप पाठवला की वडिवळ्याला या, मग दाखवते. त्या आमच्याच पंगतीला जेवायला बसल्या, कोशिंबिरीवर मीठ मागून घेतलं आणि आम्हाला सगळ्यांना ताटात काही टाकू नका म्हणून दटावलं. मी या प्रसंगावर चार शब्द बोलावेत म्हणून उभी राहिले होते. मावशी म्हणाली, "प्रज्ञे, उभीच हायेस तर पानी वाढ."

मी पाणी वाढलं.

आता कामाचं. भिक्खुणींनी जाताना सांगितलं की माघ पौर्णिमेला त्यांच्या ओळखीच्या चाळीसजणी कार्ल्याला येणार आहेत, आणि मावशीनं कुणालाही न विचारता त्या सगळ्यांना जेवायला बोलावलं आहे. आक्कांचं स्टँड एकच आहे. म्हणून ज्यांच्या घरी सालपापड्यांचं स्टँड माळ्यावर पडून असेल त्यांनी ते घासून घ्यावं, किलोभर जुना तांदूळ रात्री भिजत घालावा आणि त्या दिवशी सकाळी परंदवडीच्या विहारात यावं. स्टँड द्यायचं जिवावर येत असेल, तर स्टँडबरोबर स्वतः या. दारात तुम्हाला एकच गोष्ट विचारली जाईल, हात धुतलेत का. धुऊन या.